बिनकामाचा पगार?

ठाण्यातल्या खोपटच्या एसटी स्थानकावर गाडी उशिरा येते, पण न्यायनिवाडा लवकर होतो. परवा तिथे एका गृहस्थांनी निकालच देऊन टाकला. सरकारी नोकरीत ज्यांची नेमणूकच नियमाबाहेरची, त्यांना कोर्टाने परत घ्यायला लावलं हेच उपकार. वर घरी बसल्या काळाचा पगार मागायचा म्हणजे हद्द झाली. काम नाही तर दाम नाही. मागच्या दाराने आलेल्यांना थकबाकी कशाला? पैसा शेवटी जनतेचाच. दोघातिघांनी मानाही डोलावल्या.

तिजोरीची काळजी आधी मिटवू. राज्य कर्मचाऱ्यांना सातव्या वेतन आयोगाची १ जानेवारी २०१६ पासूनची थकबाकी पाच हप्त्यांत द्यायचं ठरलं, तेव्हा तिजोरी बुडाली नाही. कामावरून काढलेल्या सफाई कामगाराच्या चार वर्षांच्या रोजाने ती बुडणार असेल, तर ती आधीच फुटकी असली पाहिजे.

‘काम नाही तर दाम नाही’ हे कामाला न येणाऱ्याला लागू. इथे माणूस कामावर आला होता, गेट कार्यालयाने लावून घेतलं होतं.

मधल्या काळात तो दुसरीकडे कमवत असेल, हा संशयही ठेवणीतला. दीपाली सुरवसे खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये सांगून ठेवलं आहे की कामगाराने आपल्याला दुसरी नोकरी नव्हती असं म्हटल्यावर, ती होती हे मालकाने सिद्ध करायचं.

आता ते मागचं दार. ते उघडतं कोणाच्या खोलीत? जाहिरात कामगार काढत नाही. आरक्षणाची बिंदुनामावली तो तपासत नाही, सेवायोजन कार्यालयाकडून नावं तो मागवत नाही, पद मंजूर करून घेणं हेही त्याचं काम नव्हे. तो फक्त दोन हात घेऊन येतो. साहेब म्हणतात उद्यापासून ये, मुकादम हजेरी लावतो. मग २९ दिवसांची ऑर्डर, एक दिवसाचा ब्रेक, पुन्हा ऑर्डर. हजेरीपटावर खंड दिसतो. गटाराला तो कधी दिसलेला नाही. बारा वर्षांनी त्याच कार्यालयाला साक्षात्कार होतो की ही नेमणूक नियमाप्रमाणे नव्हती. स्वतः लिहिलेल्या कागदातली चूक काढायची आणि तिचा दंड ज्याला तो कागद कधी दाखवलाही नाही त्याच्याकडून वसूल करायचा, ही कारकुनी कमाल आहे.

कामगारांना वर्षानुवर्षं तात्पुरतं ठेवून कायमपणाचे लाभ नाकारणं, याला महाराष्ट्राच्याच १९७१ च्या कायद्याने अनुचित कामगार प्रथा म्हटलं आहे. चौथं परिशिष्ट, सहावी बाब. त्या कायद्यात राज्याचं वनखातंच सापडलं. पुण्याच्या वनमजुरांच्या खटल्यात खात्याने सांगितलं की आमचं काम सार्वभौम सत्तेचं आहे. खड्डे खणून रोपं लावणं म्हणजे सार्वभौमत्व! सर्वोच्च न्यायालयाने १९९५ मध्ये ते मानलं नाही. पुढे एसटीच्या गाड्या झाडणाऱ्या-धुणाऱ्यांचा खटला आला. नियमाबाहेर नेमलेल्यांना कायम होण्याचा हक्क नाही, हे सांगणारा सर्वोच्च न्यायालयाचा २००६ चा उमादेवी निकाल महामंडळाने पुढे केला. २८ ऑगस्ट २००९ रोजी उत्तर मिळालं: पदं अस्तित्वात आहेत आणि अनुचित प्रथा सिद्ध झाली आहे, तर त्या निकालाने औद्योगिक न्यायालयाचे हात बांधले जात नाहीत. मुळात उमादेवी निकालातच बेकायदा नेमणूक वेगळी आणि अनियमित नेमणूक वेगळी मानली आहे. गृहस्थांच्या वाचनात तेवढं पान आलेलं नसावं.

कार्यालयातल्या मंडळींची ही खोड जुनीच. पूर्वी म्हणत, हे आमचे नव्हेत, ठेकेदाराचे. त्याआधी म्हणत, बदलीवरचे. कोर्टाने आमचेच ठरवले, तेव्हा ते अनियमित झाले.

मग थकबाकी द्यावी किती? इथे न्यायालयांचा हिशेबही एका मापाचा नाही. १९७८ च्या हिंदुस्तान टिन वर्क्स खटल्यात ७५ टक्के मिळाले. गाझियाबादच्या महापालिकेतल्या माळ्यांना २००५ मध्ये काढलं. ३१ जानेवारी २०२५ ला सर्वोच्च न्यायालयाने निम्मा पगार द्यायला सांगितलं. त्याच्या दीडेक महिना आधी केंद्रीय जल आयोगाच्या सफाई कामगारांना सेवासातत्य मिळालं, मागचा पगार मात्र शून्य. गेट सगळीकडे तसंच.

म्हणणं एवढंच आहे. काढणं बेकायदा ठरलं, तर थकबाकी पूर्ण धरावी. कार्यालयाने सिद्ध केलेली मधली कमाई वजा करावी, रक्कम मोठी असेल तर हप्ते पाडावेत. खोटी पात्रता दाखवून किंवा पैसे चारून घुसलेल्याला हा हिशेब लागू नाही. आणि ब्रेकच्या ऑर्डरवर सही कोणाची होती, तेही एकदा विचारावं.

एवढ्यात भिवंडीची गाडी लागली. पहाटे कोणीतरी ती धुतली असावी, काचांवर पाण्याचे ओघळ वाळले होते. गृहस्थांनी खिडकीची जागा धरली आणि निवृत्तिवेतनाचा पुढचा हप्ता कधी जमा होणार, हे शेजाऱ्याला विचारू लागले.