आईचे नाव आणि आईचा वारसा

१ मे २०२४ पासून जन्मणाऱ्या अपत्यांच्या शासकीय कागदपत्रांत आधी आईचे, मग वडिलांचे नाव आणि शेवटी आडनाव लिहावे, या महाराष्ट्र शासनाच्या निर्णयाचे स्वागत झाले, ते योग्यच होय. लग्नात स्वतःचे नावही बदलून घेतलेल्या स्त्रियांच्या पणतींना दाखल्यावर मातृनाम मिळावे, हा बदल लहान नव्हे. मात्र मुलगी कोणाची, या प्रश्नाला वारसा कायदा आजही जुनेच उत्तर देतो.

१९५६ च्या हिंदू वारसा कायद्याचे कलम १५ पाहावे. मृत्युपत्र न करता निधन पावलेल्या स्त्रीच्या स्वकष्टार्जित मिळकतीचे पहिले वारस मुले व पती. ते नसल्यास मिळकत पतीच्या वारसांकडे जाते. आईवडिलांचा क्रम त्यानंतरचा. मुलाच्या मिळकतीत मात्र आई सुनेच्या व नातवंडांच्या बरोबरीने वाटा घेते!

याचे फलित २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयात दिसले. १९५५ साली विवाह झालेली एक स्त्री तीन महिन्यांतच विधवा झाली. सासरने तिला घराबाहेर काढले. माहेरच्यांनी शिकविले, ती नोकरीला लागली, आणि १९९६ मध्ये बँकेतील ठेवी व भविष्यनिर्वाह निधी मागे ठेवून वारली. आईने हक्क सांगितला. रक्कम मिळाली ती पतीच्या बहिणीच्या मुलांना. सहानुभूतीवर हक्क ठरत नाही, असे न्यायालयाने म्हटले. कायद्याच्या शब्दांपुढे त्याचाही नाइलाज होता. गंमत अशी की, हाच पैसा तिला आईकडून वारसाने आला असता, तर तो माहेरीच परतला असता. तिने तो कमावला, म्हणून सासरी गेला. स्त्रीला स्वतःचा पगार असेल, हे १९५६ च्या विधिकर्त्यांनी फारसे गृहीत धरले नसावे.

जबाबदारीचा हिशेब मात्र उलटा आहे. विवाहित मुलीवरही आईवडिलांच्या पोषणाचे दायित्व आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८७ मध्येच ठरविले. म्हणजे जिवंतपणी ती माहेरची, आणि मृत्यूनंतर सासरची.

विधी आयोगाने २००८ मध्ये २०७ व्या अहवालात या कलमात दुरुस्ती सुचविली होती. ती झालेली नाही. तोवर मृत्युपत्र करावे, असा सल्ला वकील देतात. तो खराच, पण तिशीतल्या नोकरदार मुलीने हा विषय आईपुढे काढला, तर आई आधी तिच्या तोंडावर हात ठेवील.