पावती कोणाच्या नावावर, हे ठरवायचं कुणी?

म्हैसूरच्या सरस्वतीपुरममध्ये निवृत्त मराठी माणसं भेटली, की कुक्करहळ्ळी तलावावरच्या फेरीनंतर मुंबईतल्या खोलीचा विषय निघतोच. खोली गिरगावात नाहीतर दादरला, भाडं शे-दोनशे. वडील जाऊन वर्षं लोटली तरी भाडेपावतीवर नाव त्यांचंच. राहते धाकट्या भावाची विधवा, जिनं सासऱ्यांचं शेवटचं दुखणं काढलं. चाळ पुनर्विकासाला निघाली, की इथल्या थोरल्याला आपला हिस्सा आठवतो आणि वाटपाचा दिवाणी दावा तयार होतो. समर्थन ठरलेलं: ‘खोली वडिलोपार्जित, भांडण भावाभावांतलं. लघुवाद न्यायालय मालक-भाडेकरूंसाठी असतं. त्याचा इथं काय संबंध?’

संबंध आहे. मुळात ‘वडिलोपार्जित’ हाच शब्द इथं चुकीचा. भाडेकरूला घराची मालकी नसते. कायद्यानं दिलेलं संरक्षण असतं, आणि ते पुढं कुणाकडे जायचं हे कायदाच सांगतो. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, 1999 च्या कलम 7 मध्ये ‘भाडेकरू’ची व्याख्या आहे. राहत्या घराचा भाडेकरू वारला, तर मृत्यूसमयी त्याच्यासोबत राहणारा कुटुंबीय भाडेकरू होतो. असा कुणी नसेल तरच वारस. म्हणजे आधी मुक्काम, मग रक्त. वाटपाच्या दाव्यात हा क्रम उलटा होतो. म्हैसूरकर थोरला आणि खोलीतली विधवा एकाच पाटावर बसतात. मृत्युपत्राची वाटही बंद आहे. वसंत प्रताप पंडित विरुद्ध अनंत त्र्यंबक सबनीस या खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं 1994 मध्येच सांगितलं, की आधीच्या मुंबई भाडे कायद्यातल्या ‘वारस’ या शब्दात मृत्युपत्रानं नेमलेला माणूस येत नाही.

आता अधिकारक्षेत्र. कलम 33 मध्ये मालक आणि भाडेकरू यांच्यातल्या दाव्यांचा उल्लेख आहे, हे खरं. प्रतिपक्षाचा सगळा भार त्या एका वाक्यावर. पण कलम 7 ची व्याख्याच पुढं म्हणते, की एकमत झालं नाही तर न्यायालय ठरवील. भाडे कायद्यानं स्वतःच उभा केलेला प्रश्न सोडवायला त्याच कायद्यानं नेमलेलं न्यायालय सोडून दुसरं शोधायचं, ही कुठली रीत? माझ्या मते ते मुंबईत लघुवाद न्यायालयच, आणि जिथं ते नाही तिथं कनिष्ठ स्तर दिवाणी न्यायाधीश. शिवाय निकाल मालकावर बंधनकारक व्हायचा, तर मालक दाव्यात हवा. त्याला बाहेर ठेवून मिळवलेला हुकूम घेऊन पावती बदलायला गेलं, की तो हात वर करतो आणि पुन्हा पहिल्यापासून सुरुवात.

कुणी कुटुंब न्यायालयाचं नाव काढतात. 1984 चा तो कायदा मालमत्तेच्या बाबतीत नवरा-बायकोच्या दाव्यांपुरता; दीर-भावजयीचं भांडण तिथं चालत नाही.

एक आक्षेप मात्र वजनदार आहे: मुक्कामाला इतका मान दिला, तर लग्न होऊन गेलेल्या बहिणी कायमच्या बाहेर पडतात. पडतात, आणि ते बोचतं. पण कायद्यानं इथं मिळकतीची वाटणी केलेली नाही, छप्पर राखलं आहे. आपल्या कर्नाटकानं तर याहून कडक भूमिका घेतली. 1999 च्या कर्नाटक भाडे कायद्यात मृत्यूनंतर भाडेहक्क फक्त पाच वर्षं टिकतो: आधी जोडीदार, मग मुलगा-मुलगी, मग आईवडील, मग विधवा सून, तेही सोबत राहणारे आणि अवलंबून असणारे. ठरावीक मर्यादेवरच्या भाड्याच्या घरांना तो कायदा लागूच नाही. तिथं भाडेकरार आणि नेहमीचं दिवाणी न्यायालय, हे मला मान्य आहे. पण ज्या सरस्वतीपुरमकराला इथं हा पाच वर्षांचा नियम शहाणपणाचा वाटतो, तोच गिरगावच्या खोलीसाठी पिढ्यान्‌पिढ्यांचा हक्क सांगतो!

लघुवाद न्यायालय झटपट निकाल देतं, असं मी म्हणणार नाही. मात्र रेशनकार्ड, मतदारयादी, वीजबिल, गॅसचं पुस्तक यांवरून कोण खरंच राहत होतं, हे ताडायचं त्याचं रोजचं काम आहे. विधवेच्या बाजूचा पुरावा याच कागदांत असतो. पुनर्विकासात खोलीच्या जागी मालकीचा फ्लॅट आला आणि नंतर त्याचे पैसे वाटायचे झाले, तर दिवाणी न्यायालयात जरूर जावं. त्याआधी भाडेकरू कोण ते ठरू द्यावं, आणि दाव्यात भावजयीबरोबर मालकाचंही नाव घालावं.