शिक्का कोणाचा, तुरुंग कोणाला

2025 च्या मे महिन्यातली गोष्ट. ऑपरेशन सिंदूर आणि नंतरची युद्धबंदी होऊन आठवडाभर झाला होता. बायकोचं माहेर घोलवडचं, सासऱ्यांची चिकूची छोटीशी वाडी आहे, आणि जावई आला की त्याला दोन दिवस कामाला जुंपायचं अशी तिकडची पद्धत! रविवारी सकाळी कशीबशी सुटका करून घेतली, मेहुण्याची स्कूटर काढली आणि बोर्डीवरून झाईपर्यंत गेलो. झाई म्हणजे तलासरी तालुक्याचं समुद्राकडचं टोक. पुढे लगेच गुजरात.

चहाच्या टपरीवर टीव्ही लावलेला. चार चौकटींत चार निवृत्त अधिकारी, मध्ये ओरडणारा अँकर आणि खाली लाल पट्टी: पाकिस्तानला दहशतवादी राष्ट्र घोषित करा! टपरीमागे भांडी विसळणाऱ्या बाई ते बघत होत्या. मी पुण्या-मुंबईकडचा शिकलेला दिसतो म्हणून असेल, पण त्यांनी मला विचारलं, "भाऊ, हे घोषित केलं तर आमच्या माणसांना सोडतील का?"

त्यांचा धाकटा भाऊ कराचीच्या तुरुंगात होता. गुजरातच्या बोटीवर खलाशी म्हणून गेलेला.

मी काहीतरी गुळमुळीत बोललो. पण तो प्रश्न काही डोक्यातून जाईना. मी रोज आठ-दहा तास लॉग वाचून 'हे नक्की कोणी केलं' शोधणारा माणूस. तेव्हा म्हटलं, हा शिक्का आहे तरी काय ते नीट बघू या.

तर मंडळी, 'दहशतवादाचा पुरस्कर्ता देश' अशी एक अधिकृत यादी खरोखरच आहे. ती ना संयुक्त राष्ट्रांची, ना कुठल्या न्यायालयाची. ती आहे अमेरिकेच्या परराष्ट्र खात्याची. 29 डिसेंबर 1979 ला सुरू झाली. पहिले मानकरी इराक, लिबिया, दक्षिण येमेन आणि सीरिया. एकदा यादीत गेलात की शस्त्रं बंद, मदत बंद, जागतिक बँकेत कर्ज मागितलं की अमेरिकेचा विरोध ठरलेला.

इथपर्यंत ठीक. पण या यादीचा बदलांचा इतिहास वाचला तर कुठलाही प्रोग्रॅमर कपाळावर हात मारेल. 1982 मध्ये इराकला यादीतून काढलं. का? सद्दाम सुधारला म्हणून? छे! तो इराणशी लढत होता आणि अमेरिकेला इराण नको होता. 1990 मध्ये त्याने कुवेत गिळलं, लगेच परत यादीत. 2004 मध्ये पुन्हा बाहेर, कारण तोवर खुद्द अमेरिकाच बगदादमध्ये जाऊन बसली होती. क्यूबा 1982 मध्ये आत, 2015 मध्ये बाहेर, जानेवारी 2021 मध्ये परत आत. 14 जानेवारी 2025 ला बायडेननी जाता जाता बाहेर काढायचं जाहीर केलं, 20 तारखेला ट्रम्पनी आल्या आल्या ते रद्द केलं. त्या सहा दिवसांत हवानात नेमकं काय बदललं हो? सुदान 2020 मध्ये सुटला, तो 33.5 कोटी डॉलर भरपाई मोजून आणि इस्रायलशी जमवून घ्यायचं कबूल करून.

म्हणजे हे परिणामांतून निघालेलं उत्तर नाही. कोणीतरी हाताने चालू-बंद करायचं बटण आहे.

आणि पाकिस्तान? पाकिस्तान या यादीत कधीच नव्हता. अगदी जवळ जाऊन आला मात्र. 1992 मध्ये अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री जेम्स बेकर यांनी नवाज शरीफना पत्र पाठवून दम भरला होता. 1993 च्या जानेवारीत 'नजरेखाली' ठेवलं आणि जुलैत सोडून दिलं. 2004 मध्ये तर 'नाटोबाहेरचा प्रमुख मित्र' असा उलटा शिक्का मारला. पहलगाममध्ये 26 माणसं मारली गेली, त्यात आमच्या डोंबिवलीचे तिघे. त्यानंतर दोन महिने व्हायच्या आत, 18 जून 2025 ला, पाकिस्तानचे लष्करप्रमुख व्हाइट हाऊसमध्ये जेवायला! पुढच्याच महिन्यात 'द रेझिस्टन्स फ्रंट' या संघटनेवर अमेरिकेने दहशतवादी म्हणून शिक्का मारला. संघटनेवर. तिला पोसतं कोण, त्यावर चकार शब्द नाही.

आता कोणी म्हणेल, शिक्का तर शिक्का, त्याने काय होतं? होतं ना. 1996 पासून अमेरिकन कायद्यात अशी सोय आहे की यादीतल्या देशावर दहशतवादाचे बळी ठरलेले अमेरिकन नागरिक दावा लावू शकतात. 26/11 ला नरिमन हाऊसमध्ये मारल्या गेलेल्यांच्या नातेवाइकांनी 2010 मध्ये न्यूयॉर्कच्या कोर्टात आयएसआय आणि तिच्या माजी प्रमुखांवर दावा लावला. डिसेंबर 2012 मध्ये खुद्द अमेरिकन सरकारने कोर्टाला कळवलं की आयएसआय परक्या देशाच्या सरकारचा भाग आहे, तिला संरक्षण आहे. 2013 मध्ये तो दावा निकालात निघाला. पुरावा तपासायची वेळच आली नाही! नाव यादीत नाही म्हणून दार बंद, आणि दार बंद म्हणून पुरावा ऐकला नाही, मग पुरावा 'सिद्ध' कसा होणार?

पुरावा नव्हता असं मात्र नाही. हेडलीने शिकागोच्या कोर्टात शपथेवर सांगितलं की आयएसआयचा 'मेजर इक्बाल' त्याला पैसे देत होता. आपल्या बीड जिल्ह्यातला जबीउद्दीन अन्सारी, म्हणजे अबू जुंदाल, कराचीतल्या त्या खोलीत बसून फोनवर सूचना देत होता असा आपल्या तपास यंत्रणांचा आरोप आहे. आणि हे आपलं आपणच म्हणतो असंही नाही. पाकिस्तानच्याच तपास यंत्रणेचे, एफआयएचे, माजी प्रमुख तारिक खोसा यांनी 2015 मध्ये 'डॉन'मध्ये लिहिलं: प्रशिक्षण सिंधमधल्या ठट्ट्याजवळ झालं, आणि हल्ला कराचीतल्या नियंत्रण खोलीतून चालवला गेला.

यावर इस्लामाबादचं ठरलेलं उत्तर: हे सरकारबाहेरचे लोक होते, आम्हाला काय ठाऊक.

इथे मला झाईच्या त्या बाई आठवतात.

कारण कराचीचा समुद्र काही मोकळं रान नाही. तिथे पाकिस्तानची सागरी सुरक्षा यंत्रणा असते, आणि ती किती डोळ्यांत तेल घालून पहारा करते ते डहाणू-तलासरीच्या पाड्यांवर येऊन विचारा. इथली आदिवासी पोरं, मांगेले, कोळी, पावसाळ्याची मासेमारीबंदी संपली की उचल घेऊन ओखा, पोरबंदर, वेरावळला जातात. बोट गुजरातच्या मालकाची, तांडेल सांगेल तिकडे जायचं. सर क्रीकचा वाद दोन्ही देशांनी इतकी वर्षं भिजत ठेवलेला, त्यामुळे तिथून पुढची समुद्रातली हद्द कधी ठरलीच नाही. पाण्यावर रेघ नाही. तरी जखाऊच्या समोर एखादी बोट चुकून पलीकडे सरकली की पाकिस्तानी गस्तीनौका हजर. 6 नोव्हेंबर 2021 ला तर 'जलपरी' नावाच्या बोटीवर गोळीबार झाला, त्यात आपल्या पालघरच्या वडराई गावचा खलाशी ठार झाला. जाळं, बर्फ आणि मासे, एवढंच होतं बोटीवर.

आणि नोव्हेंबर 2008 मध्ये? दहा जण एके-47, ग्रेनेड आणि आरडीएक्स घेऊन कराचीहून निघतात, आधी छोट्या होडीने, मग 'अल हुसैनी' नावाच्या मोठ्या बोटीने. वाटेत आपली 'कुबेर' पकडतात, तिच्यावरच्या पाचही जणांना मारतात. आणि त्या डोळ्यांत तेल घातलेल्या गस्तीला काहीच दिसत नाही!

हे मी पुरावा म्हणून मांडतोय, विनोद म्हणून नाही. एखादा फायरवॉल साधं पिंगसुद्धा अडवतो आणि दहा जीबीचा व्हायरस मात्र रोज आरामात पास करतो, तर आम्ही 'फायरवॉल बिघडला' म्हणत नाही. कोणीतरी नियम लिहून ठेवलाय म्हणतो. खलाशी दिसतात आणि फिदायीन दिसत नाहीत, यातच त्या सरकारचा कबुलीजबाब आहे. त्यासाठी वॉशिंग्टनच्या यादीची मला गरज वाटत नाही. लखवी एप्रिल 2015 मध्ये जामिनावर बाहेर आला. खटला चालवणारे सरकारी वकील झुल्फिकार अली त्याआधीच, मे 2013 मध्ये, इस्लामाबादेत गोळ्या घालून मारले गेले. आणि आमचा खलाशी काही महिन्यांची सजा भोगून झाल्यावरही वर्षानुवर्षं मलीरच्या तुरुंगात, कारण 'राष्ट्रीयत्वाची खातरजमा' बाकी असते.

बरं, आपलं सरकार? ज्या देशाला आपण चॅनेलवर रोज दहशतवादी राष्ट्र म्हणतो, त्याला 1996 पासून व्यापारात 'सर्वाधिक पसंतीचा देश' असा दर्जा आपणच दिला होता. 26/11 नंतरही तो तसाच राहिला. काढला कधी, तर फेब्रुवारी 2019 मध्ये, पुलवामानंतर. 2017 मध्ये राज्यसभेत एका खासदाराने असे देश घोषित करायचं खासगी विधेयक आणलं, तर त्याला आपल्याच गृहखात्याने विरोध केला. का, तर परराष्ट्र संबंध बिघडतील. जो शिक्का स्वतः मारायची तयारी नाही, तो अमेरिकेने मारावा म्हणून ही दरवर्षीची आरडाओरड कशाला?

आमच्या ऑफिसातला एक जण यावर हमखास म्हणतो, "जास्त पुरावे-बिरावे करू नकोस, उद्या आपल्यावर उलटतील." पाकिस्तान कुलभूषण जाधवांचं नाव घेतो, कॅनडाने 2023 मध्ये निज्जर प्रकरणी भारताकडे बोट दाखवलं. माझं उत्तर सोपं आहे. उलटू देत. मापाचं भांडं एकच हवं. जाधवांच्या बाबतीत आपण आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेलो आणि 2019 मध्ये वकिलातीच्या भेटीच्या मुद्द्यावर जिंकलो. तिथे यादी नव्हती, कागद होते. कागदावर लढायला आपल्याला जमतं, हे तिथे दिसलं.

(सरकारं स्वतःच्या गोळ्यांना वेगळं नाव देतात हे या मुलखाला नवीन नाही. 1945 च्या मेमध्ये तलासरीच्या झरी गावात वारल्यांची परिषद झाली, वेठबिगारी बंद झाली, आणि 10 ऑक्टोबरला तलवाड्याला जमलेल्या वारल्यांवर पोलिसांनी गोळीबार केला. जेठ्या गांगडसह पाच जण गेले. पुढे तडीपार झाल्या त्या गोदावरी परुळेकर. गोळी झाडणाऱ्यांवर कुठलाच शिक्का नाही. असो.)

आता मच्छीमारांचं. समुद्राच्या कायद्याच्या आंतरराष्ट्रीय कराराचं कलम 73 सांगतं की दुसऱ्या देशाच्या आर्थिक क्षेत्रात मासे धरले म्हणून तुरुंगात टाकता येत नाही, तसा आपसात करार असल्याशिवाय. दोन्ही देशांच्या सह्या आहेत. तरी दोघंही धरतात. हो, आपणही! 1 जानेवारी 2025 च्या यादीनुसार त्यांच्याकडे आपले 217 मच्छीमार होते, आपल्याकडे त्यांचे 81. त्या 81 जणांच्या घरीसुद्धा टीव्ही असेल, आणि त्यावर दुसऱ्या भाषेत तसलीच पट्टी. कैद्यांसाठी निवृत्त न्यायाधीशांची संयुक्त समिती 2007 मध्ये नेमली होती. ती दोन्हीकडच्या तुरुंगांत जायची, माणसं बघायची, सोडा म्हणून सांगायची. 2013 च्या ऑक्टोबरनंतर तिची भेटच झाली नाही. चॅनेलवर या समितीचं नाव तुम्ही कधी ऐकलंय? ती परत चालू करायला अमेरिकेची परवानगी लागत नाही. पण त्यात शिक्का मारल्याची मजा नाही ना.

मी निघताना त्या बाईंनी प्लॅस्टिकच्या पिशवीतून कागद काढले. अर्जांच्या झेरॉक्स, आधार कार्ड, सरपंचाचा दाखला. "तुम्ही कंप्युटरवाले ना? यादीत नाव बघता का?"

मोबाइलला रेंज आली-गेली करत होती. परराष्ट्र खात्याचं जानेवारीचं पत्रक सापडलं.

"217 जण आहेत," मी म्हटलं.

"त्यात आमचा आहे ना पण?"

नावांची यादी दोन सरकारं एकमेकांना देतात, पत्रकात नुसता आकडा असतो. तसं सांगितलं. त्यांनी कागद परत पिशवीत घातले आणि चहाचे पैसे काही घेतले नाहीत.