प्रयोगशाळेच्या खिडकीतून : दुखते मान, नाव डोक्याचे



गेल्या अंकात आम्ही कुकरच्या रबराविषयी लिहिले. त्यावर तीन फोन आले. दोन कुकरबद्दल होते आणि तिसरा, "डॉक्टर, माझे डोके फार दुखते हो, काय घेऊ?" या देशात केमिस्ट म्हटले की लोकांना औषधांचे दुकान आठवते आणि डॉक्टर म्हटले की दवाखाना. आम्ही या दोन्हींपैकी काहीच नाही. आमची पीएच.डी. रंगद्रव्यांवर आहे, आणि ती घेऊन कुणाची नाडी पाहता येत नाही. एरवी आम्ही हसून विषय बदलतो. या वेळी बदलला नाही, कारण गेले वर्षभर आमचेच डोके दुखत होते आणि त्यात आम्ही जो मूर्खपणा केला तो चार घरांत तरी चालू असावा, अशी आम्हाला शंका आहे.

आमचे दुखणे उजव्या बाजूचे. मानेच्या वरच्या टोकाला, केस जिथे सुरू होतात तिथे ठणका लागायचा आणि तासाभरात डोक्यावरून चढून उजव्या डोळ्याच्या मागे येऊन बसायचा. दिवाळीच्या फराळाला मंडळातल्या जाणत्यांनी निदाने केली. एक काका म्हणाले पित्त, सकाळी उठल्यावर कोमट पाणी घ्या. एका वहिनींनी चष्म्याचा नंबर वाढल्याचे सांगितले. सायनस, अर्धशिशी आणि दृष्ट यांनाही एकेक मत पडले. मानेचे नाव कुणी काढले नाही. आम्हीही नाही. डोळ्यामागे दुखत असताना मान कोण तपासणार?

मग आम्ही सोपा मार्ग धरला, तो गोळ्यांचा. आधी साधे पॅरासिटामॉल, पुढे फार्मसीतून को-कोडामॉल. ती घेतली की दुपार निभायची. आपण किती घेतो हे आम्ही कधी मोजले नाही. मोजले ते आमच्या सहा वर्षांच्या लेकीने. शाळेत टाकाऊ वस्तूंचे खेळणे करून न्यायचे होते. तिने खोक्याचा रोबो केला आणि त्याच्या पोटावर चांदीची बटणे म्हणून आमच्या ड्रॉवरमधली गोळ्यांची रिकामी पाकिटे चिकटवली. अकरा पाकिटे, प्रत्येकी आठ गोळ्यांची. "बाबा, अजून संपली की मला दे, पाठ राहिलीय," असे ती म्हणाली. सौ.ने रोबोकडे पाहिले, मग आमच्याकडे. ती काही बोलली नाही, पण दुसऱ्या दिवशी जी.पी.ची वेळ घेतलेली होती.

जी.पी.बाईंनी पहिला प्रश्न विचारला तो असा : "दुखणे सुरू कुठून होते?" कुठे दुखते हे सगळे विचारतात, कुठून सुरू होते हे त्यांनीच विचारले. मग महिन्यातून किती दिवस गोळी घेता, हे विचारले. आम्ही अंदाजाने "आठ-दहा" म्हणालो. त्यांनी महिनाभर कॅलेंडरवर खुणा करायला सांगितले. खुणा भरल्या एकोणीस. निघाले ते असे की आम्हाला दोन दुखणी होती, एक मानेने दिलेले आणि दुसरे गोळ्यांनी.

आधी मानेचे पाहू. मानेतून निघणाऱ्या डोकेदुखीला 'सर्व्हायकोजेनिक' हे नाव १९८३ साली नॉर्वेचे ऑटार श्योस्ताद आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी दिले. मानेतल्या वरच्या तीन मज्जातंतूंच्या जोड्या आणि चेहऱ्याचा, कपाळाचा मोठा मज्जातंतू यांचे निरोप मेंदूच्या बुडाशी एकाच ठिकाणी येऊन पडतात. आपल्याकडे जुन्या घरांचे दोन फ्लॅट करतात आणि दाराला लेटरबॉक्स मात्र एकच असतो, तसे हे आहे. खालच्या बिऱ्हाडाचे पत्र वरचा उचलतो. मानेच्या दुसऱ्या-तिसऱ्या मणक्यामधला सांधा तक्रार करतो आणि मेंदू समजतो की डोळा ओरडतो आहे. म्हणून डोळे तपासून, सायनस धुऊन काही हाती लागत नाही.

ओळखायचे कसे? हे दुखणे बहुधा एकाच बाजूचे असते आणि बाजू बदलत नाही. मागून सुरू होऊन पुढे येते. मान वळवली, किंवा एका स्थितीत फार वेळ बसले की वाढते. मान पूर्वीइतकी वळत नाही. मोटर मागे घेताना खांद्यावरून पाहणे जड जाते, हे आम्हाला नंतर आठवले. अर्धशिशी म्हणजे मायग्रेन वेगळी. तिचा झटका उपचाराविना चार तासांपासून तीन दिवसांपर्यंत टिकतो, ठणका नाडीसारखा असतो, मळमळते, उजेड आणि आवाज सोसत नाही आणि बाजूही बदलू शकते. गोंधळ असा की मायग्रेनमध्येही पुष्कळांची मान दुखते. म्हणजे मान दुखते एवढ्यावरून निकाल देता येत नाही, तपासणी लागते.

ती फिजिओने केली. आम्हाला उताणे झोपवून हनुवटी छातीकडे टेकवली आणि डोके हलकेच डावी-उजवीकडे वळवले. या स्थितीत खालचे मणके अडकून राहतात आणि वळणे मुख्यतः सर्वांत वरच्या सांध्यातून होते. साधारण माणसाचे डोके प्रत्येक बाजूला सुमारे ४४ अंश वळते. आमचे डावीकडे ठीक वळले, उजवीकडे अर्ध्यात अडले आणि ते ओळखीचे दुखणे तिथेच जागे झाले. वर्षभराच्या कोड्याचे उत्तर त्या पाच मिनिटांत मिळाले. अगदी पक्के निदान हवे तर सांध्याला किंवा त्याच्या मज्जातंतूला बधिर करण्याचे इंजेक्शन देऊन दुखणे थांबते का हे पाहतात, पण ते तज्ज्ञांकडचे काम, सगळ्यांना लागत नाही.

इथे एक्स-रेविषयी दोन शब्द. आपल्यात मान दुखली की "स्पॉन्डिलायटिस झालाय" म्हणतात, फोटो काढतात आणि गळ्यात पट्टा चढवतात. आमच्या वडिलांनी असा पट्टा कित्येक महिने वापरला. वयाबरोबर मणक्यांची झीज होतेच आणि काहीही दुखत नसलेल्या माणसांच्या फोटोतही ती दिसते. तेव्हा फोटोतली झीज हेच दुखण्याचे कारण, असे धरून चालत नाही. आणि पट्टा महिनोन्महिने वापरला तर मानेचे स्नायू आळशी होतात.

उपचार काय? ऑस्ट्रेलियात ग्वेन जुल यांनी २०० रुग्णांवर केलेला अभ्यास २००२ साली छापून आला. सहा आठवडे काहींना हाताने सांधे मोकळे करण्याचे उपचार, काहींना व्यायाम, काहींना दोन्ही आणि काहींना यांतले काहीच नाही. व्यायाम आणि हाताचे उपचार दोन्हींनी डोकेदुखी कमी झाली आणि फरक वर्षभरानंतरही टिकला. आम्ही प्रयोगशाळेतले लोक, त्यामुळे 'काहीच नाही' असा चौथा गट आहे हे वाचून आमचा विश्वास बसला.

व्यायाम दिसायला अगदी किरकोळ आहे. उताणे झोपून, डोके न उचलता, अगदी हळू 'हो' म्हटल्यासारखी मान डोलवायची, दहा सेकंद धरायची, सोडायची. असे दहा वेळा. गळ्याचे वरचे जाड स्नायू ताठले तर चुकले, काम आतल्या खोल स्नायूंनी करायचे असते. फिजिओ मानेखाली हवेची छोटी पिशवी ठेवून तिच्या काट्यावर हे मोजते. आम्ही पहिल्या दिवशी चौथ्या वेळेला थरथरलो. माणसाचे डोके साडेचार-पाच किलोचे, म्हणजे तांदळाच्या लहान पिशवीएवढे. ती पिशवी लॅपटॉपवर आणि मोबाइलवर वाकून दिवसभर पुढे धरायची आणि मान तक्रार करते म्हणून तिलाच दोष द्यायचा, हे काही खरे नाही.

आता दुसरे दुखणे. इंग्लंडमधल्या नाइस संस्थेने २०१२ साली सांगितलेला हिशेब घरातल्या कॅलेंडरजवळ लिहून ठेवा. तीन महिने किंवा अधिक काळ, महिन्यातून १५ दिवस वा जास्त साधे पॅरासिटामॉल, ॲस्पिरिन किंवा आयब्युप्रोफेन, अथवा १० दिवस वा जास्त कोडीन असलेल्या किंवा मिश्र गोळ्या घेतल्या, तर गोळीच डोकेदुखी चालू ठेवत असण्याची शंका घ्यावी. आमचे एकोणीस दिवस को-कोडामॉलचे होते. कोडीन स्वतः फारसे काही करत नाही. यकृतातले एक एन्झाइम त्याच्या काही भागाचे मॉर्फीन बनवते, आणि ते एन्झाइम कुणात जास्त, कुणात कमी असते. म्हणूनच एकाला गुंगी येते आणि दुसऱ्याला उपयोगच होत नाही. फार्मसीतल्या पाकिटावर 'सवय लागू शकते, फक्त तीन दिवस' असे छापलेले असते. आम्ही ते वर्षभर वाचत होतो.

आणखी एक. भारतातून येताना आपण क्रोसिन, कॉम्बिफ्लाम, सर्दीच्या गोळ्या आणतो. या पहिल्या दोन्हींत पॅरासिटामॉल आहे, सर्दीच्या पुष्कळ गोळ्यांत आहे, इथल्या लेमसिपमध्ये आहे आणि को-कोडामॉलमध्येही. नावे वेगळी, माल एकच. मोठ्या माणसाला चोवीस तासांत चार ग्रॅम, म्हणजे ५०० मिलिग्रॅमच्या आठ गोळ्या, ही सर्व मिळून कमाल मर्यादा. त्यापुढे यकृताला धोका असतो. १९९८ पासून इथे साध्या दुकानात एका पाकिटात सोळाच गोळ्या मिळतात त्या याच कारणाने. चुकून जास्त गेल्या तर बरे वाटत असले तरी त्याच दिवशी हॉस्पिटल गाठा, उतारा लवकर दिला तर काम करतो.

आम्ही गोळ्या एकदम बंद केल्या. जास्त मात्रेत कोडीन घेणाऱ्यांनी हे डॉक्टरांना विचारूनच करावे. पहिले दहा दिवस वाईट गेले. गणपतीच्या आरासाची मीटिंग चुकली, घरात आवाज चढला, आणि लेक पाय न वाजवता चालायला लागली, ते डोकेदुखीपेक्षा जास्त लागले. तिसऱ्या आठवड्यात एक सकाळ अशी उगवली की दुखत नव्हते. आता महिन्यातून दोन-तीनदा दुखते, आणि तेव्हा मान आधी आठवते.

बामचे काय, असे विचाराल. अमृतांजन १८९३ साली मुंबईत निघाले, तेव्हापासून आपल्या कपाळावर आहे. त्यातला मेंथॉल त्वचेतल्या थंडी ओळखणाऱ्या तंतूंना जागे करतो, त्वचा खरी थंड होत नाही. मनाला बरे वाटते, लावा. तेलाची चंपीही चालेल. पाटण्याच्या साके दीन महोमेत यांनी ती ब्रायटनला आणली आणि ते राजा चौथ्या जॉर्जचे चंपीवाले झाले. पण गावी गेल्यावर न्हाव्याकडून मान कडाडकन मोडून घेऊ नका. त्या झटक्याने मानेतली रक्तवाहिनी आतून फाटून पक्षाघात होऊ शकतो. क्वचित होते, पण होते.

या गोष्टी दिसल्या तर मात्र व्यायाम वगैरे विसरा आणि ९९९ ला फोन करा : क्षणात आलेली भयंकर डोकेदुखी, ताप येऊन मान ताठणे, बोलणे अडखळणे, हातपाय लुळे पडणे, एकाचे दोन दिसणे, डोक्याला मार लागल्यानंतर वाढत जाणारे दुखणे. पन्नाशीपुढच्या माणसाला नव्याने डोके दुखू लागले, केस विंचरताना डोके दुखरे लागले किंवा चावताना जबडा दुखला, तर त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवा. उशिराने दृष्टी जाऊ शकते. भारतातून आलेले आईवडील "जाऊ दे, उतरेल" म्हणतात, त्यांचे ऐकू नका.

बाकीच्यांनी कॅलेंडरवर खुणा कराव्यात. बऱ्याच भागांत फिजिओकडे थेट नाव देता येते. आणि कचेरीत दिवसभर पडद्यासमोर बसणाऱ्यांनी लक्षात ठेवावे, १९९२ च्या नियमांनुसार बसण्याच्या जागेची तपासणी आणि मागितल्यास डोळ्यांची तपासणी मालकाने करून द्यायची असते, घरून काम करत असलात तरी. मागायला लाजू नका.

रोबो आमच्या प्रयोगशाळेतल्या टेबलावर आहे. पाठ अजून रिकामी आहे, आणि ती तशीच ठेवण्याचे आम्ही लेकीला कबूल केले आहे.

पुढच्या अंकात हळदीचे डाग आणि पांढरे शर्ट. लोभ असावा.