दिवा लागला की आधी कोड वाचा
माकुणसारच्या खाऱ्या हवेने गाडीचा पत्रा गंजतो, ते सगळ्यांना दिसतं; वायरिंगच्या पिना गंजतात, तिकडे कुणाचं लक्ष जात नाही. गेल्या पावसाळ्यात आमच्या गाडीचा इंजिनचा पिवळा दिवा लागला आणि मेकॅनिकने थेट नवा सेन्सर टाकायला सांगितलं. मला ते पटेना. 2013 नंतरच्या बहुतेक गाड्यांत स्टिअरिंगखाली बिघाडाचे कोड वाचायचा 16 पिनांचा ओबीडी पोर्ट असतो. त्याला ईएलएम 327 चिपची यूएसबी केबल लावली आणि लॅपटॉप मांडीवर घेतला. अख्खी दुपार केबलच्या ड्रायव्हर सॉफ्टवेअरने खाल्ली, कॉम पोर्ट जुळेचना. शेवटी बॉड रेट, म्हणजे डेटाचा वेग, 38400 केला आणि कोड उमटला: पी0113. म्हणजे आत येणारी हवा किती तापली आहे ते सांगणाऱ्या सेन्सरचं सर्किट बहुधा तुटलेलं. एअर फिल्टरजवळचा कनेक्टर सोडवला, तर एका पिनेवर हिरवा थर! कॉन्टॅक्ट क्लीनर मारून जुन्या टूथब्रशने घासलं. दिवा गेला तो गेलाच. सेन्सर चांगलाच होता. केबल घेताना फार स्वस्ताच्या मागे लागू नका, नकली चिपला कित्येक कमांड कळतच नाहीत. एअरबॅगच्या दिव्याला मात्र घरी हात लावू नका. आणि कोणताही कोड वहीत उतरवून घेतल्याशिवाय पुसू नका.