पांढरा गणवेश आणि एक डॉलरचे पुस्तक

अमेरिकेत एकेकाळी ‘फक्त प्रौढांसाठी’ अशी पाटी लावून जे सवंग चित्रपट गावोगाव फिरवले गेले, त्यांनी समाजाला लैंगिक शिक्षण दिले, असे म्हणणारे आता भेटू लागले आहेत. ज्या गोष्टी उच्चारायची चोरी होती त्या या मंडळींनी उघड केल्या, तेव्हा त्यांचे उपकार मानावेत, असा त्यांचा सूर असतो. आम्हा परिचारिकांना हे मुळीच मान्य नाही. का, ते सांगतो.

या धंद्याची कुळी जुनी आहे. १९१३ साली ‘ट्रॅफिक इन सोल्स’ हा चित्रपट निघाला. न्यूयॉर्कला नुकत्याच उतरलेल्या परदेशी मुलींना फसवून कुंटणखान्यात नेतात, अशी त्याची गोष्ट. उपदेश वरवरचा, गर्दी लोटली ती कुंटणखाना पाहायला. पुढे १९३० साली हॉलीवूडने स्वतःसाठी आचारसंहिता केली आणि १९३४ पासून ती कडक पाळली. बाळंतपण आणि गुप्तरोग हे विषय पडद्यावर वर्ज्य ठरले. मोठ्या कंपन्यांनी सोडलेले हे शेत मग फिरत्या व्यापाऱ्यांनी कसले.

त्यांतला सर्वांत हुशार क्रोगर बॅब. त्याचा ‘मॉम अँड डॅड’ १९४५ साली आला. कथा साधी. मुलगी आईकडे शरीरविज्ञानाचे पुस्तक मागते, आई ते नाकारते, मुलीला दिवस जातात. शाळेत हा विषय शिकवणाऱ्या मास्तरची नोकरी जाते. शेवटी पडद्यावर खरे बाळंतपण आणि गुप्तरोगाची चित्रे. बायकांचे खेळ दुपारी दोनला व संध्याकाळी सातला, पुरुषांचा रात्री नऊला. मध्येच पडदा थांबवून ‘एलियट फोर्ब्स’ नावाचे आरोग्यतज्ज्ञ व्याख्यान देत. असा कोणी गृहस्थच नव्हता! एकाच दिवशी वेगवेगळ्या गावांत वेगवेगळे भाडोत्री वक्ते याच नावाने उभे राहत.

व्याख्यान संपले की नर्सच्या पांढऱ्या वेषातल्या बायका रांगारांगांतून पुस्तके विकत फिरत. बायकांसाठी एक, पुरुषांसाठी एक, लिहिणारी बॅबचीच बायको. छपाईला सुमारे आठ सेंट, विक्री एक डॉलरला. कोणाला घेरी आली तर मदत हवी, म्हणून नर्सा ठेवल्या आहेत, असा देखावा होता.

आमचा राग इथे आहे. त्या वेषाला पाहून लाजरी बाई तोंड उघडते. मुंबईच्या इस्पितळात आम्हांला ‘सिस्टर’ म्हणत, इथे हिब्रूत ‘अहोत’ म्हणतात. दोन्हींचा अर्थ बहीण. बहिणीचा वेष घालून भ्यालेल्या मुलींच्या खिशातला डॉलर काढणे, याला शिक्षण म्हणत नाहीत.

कोणी म्हणेल, २००५ साली अमेरिकेच्या काँग्रेस ग्रंथालयाने हाच चित्रपट जतन करण्याच्या यादीत घातला. घालावा की! ऐतिहासिक दस्तऐवज म्हणून जपणे वेगळे आणि सद्‌गुण म्हणून मिरवणे वेगळे.

परंतु या वादाची दुसरी बाजूही आम्ही सोडणार नाही. ‘असले विषय समाजाच्या मासिकात कशाला?’ म्हणणारे वडीलधारे आपल्यातही आहेत. त्यांना आमचा आदरपूर्वक सवाल : बॅबचे भांडवल कोणते होते? कॅमेरा नव्हे, नट नव्हेत. घराघरांतले मौन हेच त्याचे भांडवल. आईने जे पाच मिनिटांत फुकट सांगितले असते तेच त्याने तिकीट लावून विकले. त्याच्या कथेतले रोगनिदान अचूक होते. औषध विकणारा मात्र भोंदू.

आणि सचोटीने सांगणाऱ्याचे काय होते, हे मराठी वाचकाला ठाऊक आहे. र. धों. कर्वे यांनी १९२१ साली मुंबईत संततिनियमनाचे केंद्र काढले, १९२७ पासून मरेपर्यंत म्हणजे १९५३ पर्यंत ‘समाजस्वास्थ्य’ चालवले. प्राध्यापकी गेली, अश्लीलतेचे खटले झाले. १९३४ च्या खटल्यात डॉ. आंबेडकर त्यांच्या बाजूने उभे राहिले, तरी दंड चुकला नाही. तिकडे बॅबवरही खटले झाले, पण प्रत्येक खटला त्याला जाहिरातच ठरला. प्रतिष्ठितांनी खऱ्या शिक्षकाचे तोंड बंद केले की माईक भोंदूच्या हाती जातो.

आम्हांला सिनेमाचे वावडे नाही. ‘आलम आरा’ लिहिणारे जोसेफ डेव्हिड आपले, ‘बूट पॉलिश’मधले जॉनचाचा डेव्हिड आपलेच. आमचे भांडण पडद्याशी नाही, लबाडीशी आहे.

आज बॅबच्या वारसांना थिएटर लागत नाही. तो खेळ नातवंडांच्या हातातल्या मोबाईलवर दिवसरात्र चालू असतो. मोबाईल हिसकावून काही होणार नाही. आमची मागणी अशी : आयांनी, मावश्यांनी, आज्यांनी मुली विचारतील तेव्हा खरे उत्तर द्यावे, बापांनी मुलांशी बोलावे, ‘तुझी आई सांगेल’ म्हणून अंग काढू नये. समाजाच्या सभागृहात वर्षातून दोन संध्याकाळी यासाठी राखून ठेवाव्यात. आपल्यात निवृत्त परिचारिका थोड्या नाहीत. आम्ही येऊ, प्रश्नांची उत्तरे देऊ. कोणाला पुस्तक विकणार नाही.