कंट्रोलर लावताय? आधी केबल बघा

नवा गेमपॅड खोक्यातून निघतो, संगणकाला लागतो, त्यावरचा दिवा लुकलुकतो आणि गेममध्ये मात्र काहीच हलत नाही. यानंतर घरोघरी जे घडतं, ते टळावं म्हणून हे लिहितो आहे. मुलं इंटरनेटवर कंट्रोलरच्या नावापुढे 'ड्रायव्हर' असं टाइप करतात. समोर येईल त्या पानावरचं मोठं हिरवं बटण दाबतात. मग 'तुमच्या संगणकात ढीगभर दोष सापडले, पैसे भरा' असं बजावणारा कुठला तरी अपडेटर मशीनमध्ये ठाण मांडतो. कंट्रोलर जिथल्या तिथेच, वर संगणक मंद.

कृपया हे करू नका. विंडोज 10 आणि 11 मध्ये बाजारातल्या बहुतेक गेमपॅडना पुरेल असा ड्रायव्हर आधीपासूनच असतो. अडचण बहुधा दुसरीकडे असते आणि ती शोधायला एक रुपयाही लागत नाही. फक्त क्रम पाळा. कंट्रोलर संगणकापर्यंत पोहोचतोय का, पोहोचला तर विंडोजला दिसतोय का, दिसला तर गेमला कळतोय का? या तीन प्रश्नांची सरमिसळ केली की माणूस तासन्‌तास भलतीकडेच शोधत बसतो.

पहिला संशय केबलवर घ्या. पॉवर बँक, ट्रिमर, स्वस्तातला स्पीकर यांच्याबरोबर येणाऱ्या बऱ्याच यूएसबी केबली फक्त चार्जिंगच्या असतात. वीज नेणाऱ्या दोन तारा त्यांत असतात, पण माहिती नेणाऱ्या तारा घातलेल्याच नसतात. अशा केबलने कंट्रोलर चार्ज होतो, त्याचा दिवाही लागतो, त्यामुळे केबल ठीक आहे असं वाटतं. तपासायचं सोपं आहे. त्याच केबलने फोन संगणकाला जोडा आणि फोनवर 'फाइल ट्रान्सफर' निवडा. फोनमधले फोटो संगणकावर दिसले तर केबल निर्दोष. जुन्या एक्सबॉक्स वन आणि प्लेस्टेशनच्या ड्युअलशॉक 4 कंट्रोलरला मायक्रो यूएसबी लागते, 2020 पासूनच्या एक्सबॉक्स सीरीज आणि प्लेस्टेशनच्याच ड्युअलसेन्सला टाइप-सी. डेस्कटॉप असेल तर एकदा पुढच्या पोर्टऐवजी मागच्या, थेट मदरबोर्डवरच्या पोर्टमध्ये लावून बघा. कॅबिनेटच्या पुढचे पोर्ट आतल्या सैल वायरींमुळे दगा देतात.

आता दुसरा प्रश्न. कीबोर्डवर विंडोजचं बटण धरून आर दाबा. 'रन'ची छोटी चौकट उघडेल. तिच्यात इंग्रजी अक्षरांत जे, ओ, वाय, टिंब, सी, पी, एल असं सलग लिहा आणि एंटर दाबा. 'गेम कंट्रोलर्स' नावाची अगदी जुनाट दिसणारी खिडकी समोर येते. तिच्यात तुमच्या गेमपॅडचं नाव दिसलं की निम्मी लढाई संपली. नावावर क्लिक करून 'प्रॉपर्टीज' उघडा, एकेक बटण दाबा, दोन्ही स्टिक गोल फिरवा. पडद्यावरचे लाल ठिपके पेटत असतील, अधिकचं चिन्ह डाव्या स्टिकबरोबर आणि शेजारच्या पट्ट्या उजव्या स्टिकबरोबर सरकत असतील, तर कंट्रोलर, केबल आणि विंडोज तिघंही निर्दोष आहेत. इथून पुढे त्यांना दोष द्यायचा नाही. ब्राउझरमध्ये चालणारी गेमपॅड तपासायची पानंही आहेत, तीही चांगली. फक्त एक लक्षात ठेवा, एखादं बटण दाबेपर्यंत ब्राउझर कंट्रोलर दाखवतच नाही. पान रिकामं दिसलं म्हणून कंट्रोलर मेला असं समजू नका.

बहुतेकांचं घोडं अडतं ते तिसऱ्या प्रश्नाशी. विंडोजला दिसतो, गेमला दिसत नाही. याचं कारण समजून घ्यायला थोडं मागे जावं लागतं.

विंडोजवर कंट्रोलरशी बोलायच्या दोन मुख्य पद्धती आहेत. 1990च्या दशकातली डायरेक्टइनपुट ही जुनी पद्धत फार मोकळीढाकळी होती. स्टिअरिंग व्हील, विमानाची जॉयस्टिक, चिनी गेमपॅड, काहीही लावा, ती फक्त 'बटण क्रमांक एक, बटण क्रमांक दोन' एवढंच सांगायची. कुठलं बटण कशाचं, हे प्रत्येक गेममध्ये आपण बसून ठरवायचं. 2005 मध्ये एक्सबॉक्स 360 आला आणि त्याच्याबरोबर एक्सइनपुट ही दुसरी पद्धत आली. तिने कंट्रोलरचा नकाशाच पक्का करून टाकला. ए, बी, एक्स, वाय, दोन स्टिक, दोन ट्रिगर, आणि एका वेळी जास्तीत जास्त चार कंट्रोलर. गेम बनवणाऱ्यांचं काम सोपं झालं. त्यानंतरच्या बऱ्याच गेमनी फक्त एक्सइनपुटच ऐकायचं ठरवलं. तुमचा गेमपॅड जुन्या पद्धतीने बोलत असेल, तर विंडोजच्या खिडकीत तो व्यवस्थित दिसेल आणि नव्या गेममध्ये मुका राहील. बिघाड कशातच नसतो.

आपल्याकडे विकल्या जाणाऱ्या, रेडगिअर, कॉस्मिक बाइट, इव्होफॉक्स अशा नावांच्या परवडणाऱ्या गेमपॅडपैकी अनेकांना दोन्ही पद्धती येतात. बदलायचं कसं ते खोक्यातल्या बारीक अक्षरांच्या कागदावर असतं, आणि तो कागद पहिल्याच दिवशी रद्दीत जातो. सहसा मधलं होम किंवा मोड लिहिलेलं बटण काही सेकंद दाबून धरलं की दिव्यांची रचना बदलते आणि मोड पालटतो. लॉजिटेकच्या एफ310 वर त्यासाठी पाठीमागे चक्क सरकपट्टी आहे, एका टोकाला एक्स, दुसऱ्या टोकाला डी. काही गेमपॅडवर अँड्रॉइडचा मोड वेगळा असतो, त्यात अडकलेला पॅड संगणकावर विचित्र वागतो. कागद हरवला असेल तर कंपनीच्या स्वतःच्या संकेतस्थळावर मॅन्युअल शोधा. एवढ्यापुरतं इंटरनेटवर जायला माझी हरकत नाही.

उलटा घोळही होतो. आपल्या कितीतरी घरांत अजून ईए क्रिकेट 07 आणि जीटीए सॅन अँड्रियास खेळले जातात, आणि का नाही खेळायचे? पण हे गेम जुन्या पद्धतीच्या काळातले. त्यांना एक्सबॉक्सचा महागडा कंट्रोलर लावला की बटणांची अदलाबदल होते, उजवी स्टिक भलतंच काही करते. मोड बदलता येणारा पॅड असेल तर अशा गेमसाठी डी, म्हणजे डायरेक्टइनपुट, मोड वापरून बघा. शिवाय जुन्या पद्धतीत एक्सबॉक्स कंट्रोलरचे दोन्ही ट्रिगर एकाच अक्षावर धरले जातात. एक दाबला की काटा एका बाजूला, दुसरा दाबला की दुसऱ्या बाजूला आणि दोन्ही दाबले की मध्यावर. त्यामुळे जुन्या रेसिंग गेममध्ये ॲक्सिलरेटर आणि ब्रेक एकत्र दाबले तर गाडी दोन्ही विसरते. अनेक जण हा ट्रिगरचा दोष समजून कंट्रोलर बदलून आणतात. नवाही तसाच वागतो, हे सांगायला नकोच.

प्लेस्टेशनचा कंट्रोलर ज्यांच्याकडे आहे त्यांनी मोडच्या भानगडीत पडू नये, सरळ स्टीम हा गेम विकणारा आणि चालवणारा प्रोग्रॅम वापरावा. ड्युअलशॉक 4 ला स्टीम 2016 पासून ओळखतं, ड्युअलसेन्सलाही ओळखतं. स्टीमच्या सेटिंग्जमध्ये 'कंट्रोलर' विभागात जा, तुमचा कंट्रोलर दिसेल, त्याचा प्लेस्टेशनचा आधार चालू करा. मग स्टीम मध्ये बसून कंट्रोलरची भाषा गेमला समजेल अशी करून देतं. गेम दुसऱ्या दुकानातून घेतलेला असला तरी 'नॉन-स्टीम गेम' म्हणून तो स्टीमच्या यादीत घालता येतो आणि तिथून सुरू केला की बहुतेक वेळा ही सोय त्यालाही मिळते. पडद्यावर ए दाबा असं आलं तर फुलीचं बटण दाबायचं, बी म्हणजे गोल, एक्स म्हणजे चौकोन, वाय म्हणजे त्रिकोण. निन्टेन्डोच्या कंट्रोलरवर ए आणि बी यांच्या जागा नेमक्या उलट असतात, तेव्हा तो वापरणाऱ्यांनी पहिले काही दिवस मेनूतून चुकून बाहेर पडायची तयारी ठेवावी.

इथे एक सावधगिरी. डीएस4विंडोज नावाचा एक चांगला, मोफत प्रोग्रॅम आहे, तोही हेच काम करतो. पण तो आणि स्टीम दोन्ही एकाच वेळी चालू ठेवू नका. एकाच घराला दोन पोस्टमन नेमल्यावर प्रत्येक पत्र दोनदा यावं, तसं प्रत्येक बटण गेममध्ये दोनदा दाबलं जातं. मेनूत एक ओळ खाली जायचं म्हटलं तर दोन ओळी जातो, उडी एकदा मारली तर दोनदा. असं होत असेल तर स्टीममध्ये त्या गेमवर राइट क्लिक करून 'प्रॉपर्टीज'मधल्या 'कंट्रोलर' भागात स्टीम इनपुट त्या एका गेमपुरतं बंद करा, किंवा दुसरा प्रोग्रॅम बंद करा. दोघांपैकी कोणाला ठेवायचं हे तुम्ही ठरवा. मी स्टीम ठेवीन, कारण तिथे बिघडलेलं पूर्ववत करणं सोपं आहे.

बिनतारी जोडणीकडे मी मुद्दाम उशिरा वळतो आहे. आधी केबलने सगळं चालू करा, मगच ब्लूटूथ. नाहीतर दोष कुठला ते कळायला मार्ग राहत नाही. ड्युअलशॉकवर शेअर आणि पीएस ही दोन बटणं एकत्र धरा, ड्युअलसेन्सवर क्रिएट आणि पीएस, दिवा भराभर लुकलुकेपर्यंत. एक्सबॉक्सच्या कंट्रोलरवर वरच्या कडेला पेअरिंगचं छोटं बटण असतं. मग विंडोजच्या सेटिंग्जमध्ये 'ब्लूटूथ अँड डिव्हायसेस', 'ॲड डिव्हाइस', 'ब्लूटूथ'. विंडोज 11 च्या यादीत कंट्रोलर येतच नसेल तर तिथल्या 'डिव्हायसेस' पानावर खाली ब्लूटूथ उपकरणं शोधण्याची सेटिंग 'डिफॉल्ट'वरून 'ॲडव्हान्स्ड' करा. एक्सबॉक्स वनच्या सुरुवातीच्या कंट्रोलरमध्ये ब्लूटूथ नाहीच, ते 2016 च्या एक्सबॉक्स वन एस पासून आलं. ओळखायची खूण अशी की मधल्या गोल बटणाभोवतीचं प्लॅस्टिक वरच्या चकचकीत पट्टीचा भाग असेल तर ब्लूटूथ नाही, खालच्या मॅट भागातच आलं असेल तर आहे. सेकंडहँड घेणाऱ्यांनी एवढं नक्की बघावं, विकणारा सांगेलच असं नाही.

कंट्रोलरची जोडणी मधूनच तुटत असेल, तर डोंगल, म्हणजे बिनतारी जोडणीसाठी यूएसबीत लावतो तो छोटा तुकडा, कुठे लावलाय ते बघा. यूएसबी 3.0 ची पोर्ट आणि त्यांना लावलेली हार्ड डिस्क 2.4 गिगाहर्ट्झच्या आसपास गोंगाट करतात, आणि ब्लूटूथ काय किंवा गेमपॅडचा डोंगल काय, दोघंही तिथेच बोलतात. डोंगल साध्या एक्स्टेंशन केबलने टेबलावर आणून ठेवा. बऱ्याचदा एवढ्याने भागतं. एक्सबॉक्सच्या कंट्रोलरमध्ये पेन्सिल सेल असतात, तेही एकदा बदलून बघा.

मॅकवाल्यांना फारसं सांगायचं नाही, 2019 च्या कॅटालिनापासून एक्सबॉक्स आणि प्लेस्टेशनचे ब्लूटूथ कंट्रोलर थेट जोडले जातात. लिनक्सच्या कर्नेलमध्ये एक्सबॉक्सचा ड्रायव्हर कधीचाच आहे आणि प्लेस्टेशनचा खुद्द सोनीने दिलेला आहे.

पालकांना एक विनंती. मुलाने कंट्रोलर मागितला तर आधी तो काय खेळतो ते विचारा. फुटबॉल, रेसिंग, टेकनसारखी मारामारी यांत कंट्रोलरची खरी मजा आहे. पण व्हॅलोरंट संगणकावर कंट्रोलरने खेळताच येत नाही, तिथे माउस आणि कीबोर्डच लागतो. त्यासाठी कंट्रोलर आणला तर पैसे वायाच. दुसरीकडे, घरात कोणाचा हात अधू असेल, एखादं बोट नीट वळत नसेल, तर स्टीममध्ये प्रत्येक बटणाची जागा बदलता येते, ट्रिगरचं काम सोयीच्या बटणावर आणता येतं, दोन बटणांचं काम एकावर टाकता येतं. ही सोय फुकट आहे आणि फारच थोड्यांना माहीत आहे. जरूर वापरा.

खरेदी लॅमिंग्टन रोडवर करा, तापकीर गल्लीत करा किंवा घरबसल्या, पण परत करायची मुदत संपायच्या आत तपासणी उरका. प्लेस्टेशनच्या नकला सर्रास मिळतात. त्यांचा टचपॅड कधी नुसता शोभेचा असतो. विंडोजच्या त्या जुनाट खिडकीत दोन्ही स्टिक सोडून द्या आणि अधिकचं चिन्ह आणि पट्ट्या मध्यावर येऊन थांबतात का बघा. हात न लावता काही सरकत असेल तर ड्रिफ्ट आहे. स्टिकखालच्या पोटेन्शिओमीटरची पट्टी घासून हे होतं, म्हणून वापरलेल्या कंट्रोलरमध्ये जास्त दिसतं. चुंबकावर चालणाऱ्या, हॉल इफेक्ट सेन्सरच्या स्टिकमध्ये घासायला तशी पट्टीच नसते. दोन कंट्रोलर सारख्या किमतीला मिळत असतील तर हॉल इफेक्टवाला घ्या. जुन्या कंट्रोलरला थोडासाच ड्रिफ्ट असेल तर गेममध्ये किंवा स्टीममध्ये डेड झोन किंचित वाढवा, म्हणजे मध्याजवळची छोटी हालचाल दुर्लक्षिली जाते. विंडोजच्या खिडकीतलं 'कॅलिब्रेट' मात्र नव्या गेमसाठी सहसा उपयोगी पडत नाही, कारण एक्सइनपुट त्याच्याकडे बघतच नाही. आणि नव्याकोऱ्या कंट्रोलरमध्ये ड्रिफ्ट दिसला तर डेड झोन वाढवून चालवून घेऊ नका. खोकं, बिल आणि केबल तशीच ठेवून तो त्याच आठवड्यात परत द्या.